विहिरीचे दोन सिनेमे

१० जुलै १९८८, रविवार

आजही साडेआठ वाजले यांना यायला. सोसायटीची मीटिंग! सोसायटी म्हणजे फिल्म सोसायटी — सभासद सव्वीस, येणारे अकरा. केळी संघातली कारकुनी सांभाळून हे चौदा वर्षं ती ओढताहेत. खुर्च्या यांनीच मांडायच्या, पोस्टकार्डं यांनीच टाकायची, मशीनही यांनीच चालवायचं. त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण आज जेवताना चार वेळा 'लताबाई म्हणाल्या'!

लताबाई म्हणजे कॉलेजात या जूनपासून इंग्रजी शिकवायला आलेल्या बाई. फैजपूरच्या, आडनाव फिरके. वय एकोणतीस, लग्न नाही, लूना चालवतात. यांना 'रतिलालभाऊ' म्हणतात. भाऊ! म्हणायला काय जातं.

हिशेबाच्या वहीत असलं लिहिणं बरं दिसत नाही. म्हणून संघातून मिळालेली गेल्या वर्षीची डायरी काढली. वार खोडून लिहावे लागतात, पण कागद चांगला आहे. वाया कशाला घालवा.

१२ जुलै, मंगळवार

लताबाई घरी आल्या होत्या. ओट्यावर दोघं, मी आत. चहा दिला. साखर कमी पडली असेल तर पडू दे.

मुंबईहून दोन सिनेमे मागवलेत. दोन्ही एकाच इंग्रजी गोष्टीवरचे, नावही एकच. विज्ञानाची भीतिकथा म्हणे. एक पस्तीस वर्षांपूर्वीचा, एक नऊ वर्षांपूर्वीचा. लताबाई म्हणाल्या, "एकच गोष्ट दोन काळांनी कशी सांगितली ते बघायचं, भाऊ. भुताखेतापेक्षा तेच जास्त मनोरंजक!" हे असे हसले जसे संघातला पगार वाढला.

माझ्याशी हे शेवटचं सिनेमावर कधी बोलले? आठवत नाही.

१७ जुलै, रविवार

सिनेमाला गेले. फॅमिली पास आहे, मी गेले नाही तर फुकट जातो — असं यांना सांगितलं. खरं कारण इथे लिहायला हरकत नाही. दोघं शेजारी बसतात का ते बघायचं होतं. बसले नाहीत. हे मागे मशीनजवळ, त्या पहिल्या रांगेत. पण रीळ बदलायची वेळ झाली की त्या उठून मागे! कशाला? त्यांचा काय हात लागतो मशीनला?

सिनेमा काळा-पांढरा. इंग्रजी मला अर्धंच कळतं, पण चित्रं सगळी कळतात. आकाशातून एक दगड गावच्या विहिरीत पडतो. ते पाणी जो पिईल त्याची वाचा जाते. मुका होऊन एका ठरावीक चालीनं चालायला लागतो, आणि दुसऱ्याला तेच पाणी पाजायला निघतो. मग सैनिक येतात. पाइप ओढणारा शास्त्रज्ञ येतो. बायका नुसत्या किंचाळतात आणि पडतात. शेवटी सुरुंग लावून विहीर उडवतात, घंटा वाजते, सगळे एकमेकांना मिठ्या मारतात. सुटलो एकदाचे!

एक जागा मात्र मनात राहिली. गावातल्या बाया खिडक्या झाकून, दिवे घालवून, फटीतून वर आकाशाकडे बघत बसतात. अशीच मी बसले होते एकाहत्तरला. तेव्हा आम्ही भुसावळला होतो. ऑर्डनन्स फॅक्टरी जवळ, म्हणून ब्लॅकआउट अगदी सक्त. काचांना काळा कागद चिकटवलेला. मुलगी — आता सासरी आहे ती — तेव्हा लहान. तिच्या तोंडावर हात ठेवून मी वर बघत होते. विमान आलं तर वरूनच येणार होतं ना.

२० जुलै, बुधवार

लताबाईंची लूना आज आमच्या दारात पाऊण तास. भाजीवाला दोनदा गेला.

२४ जुलै, रविवार

दुसरा सिनेमा. हा रंगीत. नाव तेच, गोष्ट तीच — पण विहीरच नाही! घरोघरी नळ. दगड पडतानाही दाखवत नाहीत. गावाबाहेर कारखाना आहे, आणि नगरपालिकेचे साहेब टाय लावून पुन्हा पुन्हा सांगतात, पाणी चांगलं आहे. सैनिक इथेही येतात. पण गावाला वाचवायला नाही, गावाचे रस्ते बंद करायला. किंचाळणारी बाई नाही. एक शहाणी बाई आहे, तिला सगळ्यांत आधी कळतं, आणि तिचं कुणी ऐकत नाही. शेवटी तिचा नवरा तिच्यासाठी पाण्याचा ग्लास घेऊन येतो. हसतो. बोलत नाही. ती ग्लासाकडे बघते — आणि संपलं! प्यायली की नाही, सांगतच नाहीत.

घरी येऊन भाकरी थापायला बसले. हे ताटावर. माझ्या तोंडून सहज गेलं, "पहिल्यात भीती वरून पडते. दुसऱ्यात घरातलाच माणूस ती ग्लासात घालून आणतो."

यांचा घास तसाच राहिला. "परत बोल."

"परत काय बोल? भाकरी करपेल."

"करपू दे. बोल."

मग बोलले. म्हटलं, पहिला सिनेमा निघाला तेव्हा त्यांची मोठी लढाई होऊन आठच वर्षं झालेली. शत्रू म्हणजे बाहेरचा, सैनिक म्हणजे आपला, एवढं पक्कं. आपलंही एकाहत्तरला तसंच होतं. ते अमेरिकेचं स्कायलॅब यान पडणार होतं तेव्हाही आपण वरच बघत होतो. कापडण्याला माझ्या माहेरी लोकांनी मरायचंच आहे म्हणून कोंबड्या कापून खाल्ल्या! पण भोपाळ झालं आणि ते गेलं. तो कारखाना आभाळातून पडला होता का? साहेब सांगत होते सगळं ठीक आहे. तेव्हापासून भुसावळकडे जाताना दीपनगरच्या चिमण्या दिसल्या की मी पदर नाकाला लावते. आपल्याच विजेचा धूर, तरी लावते. त्यांना ते आपल्या आधीच कळलं असणार, म्हणून दुसऱ्या सिनेमात दगड दाखवला नाही. दगडाची गरजच उरली नव्हती.

हे उठले. उष्ट्या हातानं कॅलेंडरचं जूनचं पान फाडलं आणि पाठीमागे सगळं लिहून घेतलं.

लग्नाला तेवीस वर्षं झाली. वाणसामानाची यादी सोडली तर माझं बोलणं यांनी पहिल्यांदा लिहून घेतलं. भाकरी करपली. मी ती आनंदानं खाल्ली.

२५ जुलै, सोमवार

मुक्ताईला मनातल्या मनात नारळ बोलले. कशासाठी ते नक्की माहीत नाही. बरं वाटतंय म्हणून.

३१ जुलै, रविवार

माझं वाक्य तिच्या तोंडात!

सोसायटीत लताबाईंचं भाषण होतं, दोन्ही सिनेमांवर. मी तिसऱ्या रांगेत. आणि त्या म्हणाल्या, "पहिल्या सिनेमात भीती वरून पडते. दुसऱ्यात घरातला माणूस ती ग्लासात घालून आणतो." शब्द न् शब्द! टाळ्या पडल्या. बँकेतले झुलालभाऊ तर "वा, बाई, वा" करत उठून उभे राहिले. माझा ब्लॅकआउट आला, स्कायलॅब आलं, भोपाळ आलं. कोंबड्या तेवढ्या राहिल्या.

मी मागे वळून यांच्याकडे पाहिलं. हे मान डोलवत होते. जसं पहिल्यांदाच ऐकताहेत.

खोटं कशाला लिहू, बाकीचंही त्या चांगलं बोलल्या. मूळ पुस्तकाचं मला माहीत नव्हतं. ते एकतीस सालचं, तिकडच्या मंदीतलं, उपासमारीतलं. त्यात म्हणे पाणी वाईट आहे हे गावाला आधीच माहीत असतं. तरी पितात. दुसरं पाणीच नसतं. "म्हणजे विहीर तीच," लताबाई म्हणाल्या, "पण ज्या काळाला ज्याची धास्ती, ती त्याने तिच्यात टाकली." हे मला सुचलं नसतं. म्हणून तर जास्त लागलं!

कुणीतरी विचारलं, "मग आज आपल्याकडे काढला तर?" त्या म्हणाल्या, "विचार करायला हवा."

परत येताना यांना मी म्हटलं, "आज काढला तर विहीर नको नि नळही नको. टीव्हीची अँटेना पुरे. रविवारी सकाळी बघा — रस्ते ओस, आणि घराघरात माणसं मुकी होऊन एकाच दिशेला तोंड करून बसलेली. त्यांना पाणी पाजायला कुणी जावंही लागत नाही."

हे रस्त्यात थांबून हसले. मग म्हणाले, "लताबाईंना सांगतो हे!"

पुढे मेहरूणच्या वळणापर्यंत मी एक शब्द बोलले नाही. यांना कळलंही नाही.

३ ऑगस्ट, बुधवार

पोथी वाचताना ओळ सुटते. डोळ्यांपुढे लूना. देवा, हे काय होतंय मला! चेहरा त्यांचा साधाच आहे. रंग माझाच उजळ. पण हे त्यांच्याशी बोलताना हात हलवतात. माझ्याशी बोलताना यांचे हात मांडीवर असतात.

७ ऑगस्ट, रविवार

पंधरा ऑगस्टची सुटी धरून धुळ्याला जळगाव-धुळे दोन्ही जिल्ह्यांतल्या सोसायट्यांचा मेळावा आहे. आधी जुना सिनेमा पूर्ण, मग लताबाईंचं भाषण, मग नवा. त्याच दिवशी दोन्ही जिल्ह्यांची मिळून एक समिती करणार आणि तिचा सचिव निवडणार. सगळे म्हणतात यांचंच नाव आहे. व्हायलाच पाहिजे! चौदा वर्षं खुर्च्या उचलल्यात या माणसानं. रोज संध्याकाळी देवापुढे मी हेच बोलते.

हे म्हणाले, "तूही चल ना धुळ्याला. येताना कापडण्याला तुझ्या भावाकडे जाऊन येऊ."

"कोण कोण जाणार?"

"मी आणि लताबाई. एसटीनं."

"पंधराला सोमवार आहे. पहिला श्रावणी सोमवार. माझा नेम आहे."

"एक दिवस नाही पाळला तर देव काय रागावणार आहे? चल, काम आहे."

मी काय काम ते विचारलं नाही. यांनीही पुन्हा म्हटलं नाही.

नेम आईचा. श्रावणी सोमवारी सूर्य उगवल्यापासून दिवेलागणीपर्यंत मौन. आई गेल्यापासून मी धरलाय, अकरा वर्षं झाली. तापातही मोडला नाही. पण आज नेम पुढे केला तो देवासाठी नाही, हे देवालाही कळलं असेल.

१० ऑगस्ट, बुधवार

शेजारच्या भिकुबाई कुंपणावरून — शिंदखेड्याकडच्या, बोलणं सगळं अहिराणीतच — "काय वं प्रमिला, तुना मालक त्या लूनावालीसंगे धुये जाई राहिना म्हने? नि तू आठेच?"

"मना नेम शे, मावशी."

"नेम शे! अवं माय, मालकले बी सांभाय. नुसता नेम काय कामना?"

हसत हसतच बोलल्या. दिवसभर कानात वाजतंय.

१२ ऑगस्ट, शुक्रवार

दिव्याची अवस. सगळे दिवे घासले, पाटावर मांडले, पूजा केली. समई लख्ख झाली. मन तेवढं तसंच.

१४ ऑगस्ट, रविवार

आजचं नीट लिहून ठेवते.

जळगावच्या उन्हाळ्यात रीळ वाकडं होतं. म्हणून सिनेमाचे डबे आमच्या घरी येतात आणि माठाशेजारी, ओल्या फडक्याखाली राहतात. यांची चौदा वर्षांची पद्धत. ऊन असो की पाऊस, पद्धत म्हणजे पद्धत! या आठवड्यात पावसाची ओल, माठाची ओल, वर फडक्याची ओल. व्हायचं तेच झालं. सहाही डब्यांची लेबलं सुटून खाली पडली. दोन सिनेमे, प्रत्येकी तीन रिळं, नाव एकच. डबे दिसायलाही एकसारखे.

दुपारी लताबाई आल्या. मी उरलेल्या पिठाची खळ करून दिली. दोघं मधल्या खोलीत जमिनीवर बसले. त्यांनी नवी लेबलं लिहिली — 'जुना १', 'जुना २' — अक्षर मोत्यासारखं. हे चिकटवत होते. आणि हसणं! अँटेनाची गोष्ट निघाली, मग झुलालभाऊ सिनेमात कसे घोरतात त्याची नक्कल निघाली. लताबाई म्हणाल्या, "भाऊ, हातातला कुठला? जुना की नवा?" हे म्हणाले, "ज्याला खळ जास्त लागली तो जुना!" पुन्हा हसणं.

मी दारात उभी. हातात खळीचं पातेलं. लताबाई म्हणाल्या, "वहिनी, या ना, बसा आमच्यात."

'आमच्यात'!

म्हटलं, "पातेलं वाळेल. वाळलं की घासताना जीव जातो."

१५ ऑगस्ट, सोमवार

दिवा लावला. आता बोलता येतं. बोलायला घरात कोणी नाही.

सकाळचं लिहिते.

सूर्य उगवला आणि मौन धरलं. लताबाई सात वाजता आल्या, साडेसातची एसटी. त्या आणि हे बाहेरच्या खोलीत चहा घेत होते. मी मधल्या खोलीत डबे जुन्या धोतराच्या फडक्यात बांधत होते. 'जुना ३'चं झाकण नीट बसलेलं नव्हतं. टोक बाहेर लोंबत होतं, हातभर. आत सरकवताना पट्टी खिडकीच्या उजेडात आली.

चित्रं रंगीत.

'नवा ३' उघडला. काळी-पांढरी.

दोन्ही शेवटची रिळं एकमेकांच्या डब्यात. काल हसण्याच्या नादात लेबलं उलटी लागली! जुना सिनेमा सुरू होईल, दोन रिळं नीट चालतील, आणि शेवटी विहीर उडायच्या जागी नवऱ्याचा ग्लास येईल.

टाळी वाजवली असती तर हे आत आले असते. बोट दाखवलं असतं तरी पुरे होतं. देवघरात पाटी आहे, पेन्सिल आहे. मौनात वाण्याकडची यादी मी लिहूनच देते की! झाकणं बदलायला पळभर लागलं नसतं.

बाहेर लताबाई हसल्या. कशाला ते ऐकू आलं नाही.

मी झाकण दाबून बसवलं. फडक्याला दोन गाठी मारल्या. डबे यांच्या हातात दिले. लताबाई म्हणाल्या, "वहिनी, तुम्ही हव्या होतात हो." मी मान हलवली. नेम ना माझा!

महादेवाला बेल वाहिला, पण हात जोडवेनात. दिवसभर स्वतःला सांगत राहिले — हसू होईल ते तिचं, भाषण तिचं आहे, अक्षर तिचं आहे. यांचं काय जाणार? आता दिवा लागल्यावर सुचतंय — सचिव तर यांना करणार होते. डबे यांचे!

हे मला सकाळी का सुचलं नाही? की सुचलं होतं?

१६ ऑगस्ट, मंगळवार

हे दुपारी आले. धुळ्याला मित्राकडे मुक्काम केला होता. पाय धुतले, बसले.

"कसं झालं?"

"जमलं नाही. शेवटचं रीळ उलटं निघालं. लोक हसले. कॉलेजची पोरं शिट्ट्या मारायला लागली. अध्यक्ष उठून गेले."

"मग?"

"लेबलं लताबाईंच्या अक्षरात. सगळे त्यांनाच बोलले."

"तुम्ही काय म्हणालात?"

"मी काय म्हणणार."

"आणि सचिव?"

"निवड पुढे ढकलली."

यांचं नाव गेलं नाही म्हणून आधी जीव भांड्यात पडला. मग वाटलं, झालं मनासारखं. मग कढी केली. हे पोटभर जेवले. मला गेली नाही.

१७ ऑगस्ट, बुधवार

नागपंचमी. चिरायचं नाही, कापायचं नाही, तवा ठेवायचा नाही. पुरणाची दिंडं उकडली. लूना आली नाही. कालही आली नव्हती.

हीच तर इच्छा होती ना, बाई?

१९ ऑगस्ट, शुक्रवार

लताबाई आल्या. पायी. हे संघात होते — ते नाहीत ही वेळ बघूनच आल्या असाव्यात. डोळे सुजलेले. मी पाट दिला, पाणी दिलं. पाण्याचा पेला हातात घेऊन उगाच हसल्या. "वहिनी, सिनेमा आठवतो हो."

सोसायटी सोडली म्हणाल्या. "आमचे प्राचार्यही आले होते. भर हॉलमध्ये म्हणाले — बाईंना तीनपर्यंत मोजता येत नाही, इंग्रजी काय शिकवणार. मी स्टेजवर उभी होते, वहिनी. शेवटचं रीळ चढत होतं तेव्हा मीच लोकांना सांगितलं होतं — आता बघा, या काळाला विजय हवा होता, घंटा वाजेल. आणि रंगीत ग्लास आला."

मी गप्प. आज नेम नव्हता.

"एकच कळत नाही," त्या म्हणाल्या. "मशीन तिथला माणूस चालवत होता, भाऊ समोर बसले होते. मशीनमधलं त्यांच्याइतकं कुणाला कळतं? दोन मिनिटांत रीळ बदललं असतं. मी बघत राहिले त्यांच्याकडे. ते उठलेच नाहीत."

मग पिशवीतून कागद काढले. पाठपोट लिहिलेली आठ पानं. "हे तुमच्याकडेच राहू द्या. वाचायची वेळच आली नाही."

पहिल्या पानावर त्याच अक्षरात: 'एक विहीर, दोन काळ. मांडणी — सौ. प्रमिला रतिलाल चौधरी. वाचन — प्रा. लता फिरके.'

मला वाचताच येईना. अक्षरं पाण्यात पडल्यासारखी.

"जळगावच्या भाषणात तुमचं नाव घेतलं नाही, रागावू नका. भाऊंनी कॅलेंडरचं पान दिलं तेव्हा म्हणाले होते, कुठेतरी वाचलेलं आहे. मला खरं वाटलं. नंतर ते अँटेनाचं सांगितलं, तेव्हा मी धरलंच त्यांना. म्हटलं, हे पुस्तकातलं नाही भाऊ, हे कुणा घरातल्या माणसाचं आहे. तेव्हा कुठे तुमचं नाव निघालं. तुम्हाला धुळ्याला स्टेजवर बसवायचं होतं मला. दोनदा सांगितलं त्यांना, वहिनींना घेऊनच या. ते म्हणाले, तिचा नेम आहे."

कुठेतरी वाचलेलं!

त्या उठल्या. दारात म्हणाल्या, "तुमचं डोकं चांगलं आहे हो. नुसत्या भाकऱ्या नका करू." आणि वाकून माझ्या पाया पडल्या. मी पाय मागे घेतला नाही. घ्यायला हवा होता. ज्या पायाला त्यांनी हात लावला तो कसला आहे ते मला माहीत होतं.

पानं देवघरात ठेवली. मग तिथून काढली. देवघरात ठेवायचा माझा हक्क नाही.

२० ऑगस्ट, शनिवार

आज यांना सांगितलं. सोमवारी सकाळी रिळं उलटी आहेत हे मी पाहिलं होतं. नेम म्हणून गप्प बसले नव्हते.

मला वाटलं, ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं.

हे म्हणाले, "पारोळ्याला एसटी थांबली तेव्हा मी डबे उघडले होते. मलाही दिसलं होतं."

"मग बदलले का नाहीत?"

"सचिव लताबाईंना करणार होते. मला आदल्या दिवशी कळलं."

उद्या दोघं लताबाईंच्या घरी जाणार आहोत. आधी कोण बोलणार, ते अजून ठरत नाही.